पाच मिनिटांचं कार्ड

चेन्नईत अड्यारमधल्या आमच्या शाळेचा व्हरांडा मार्चमध्ये स्वच्छ राहत नाही. आयाबाई झाडून पाठ फिरवतात न फिरवतात तोच कडुलिंबाची फुलं पुन्हा पसरतात. तांदळाच्या कण्यांएवढी, पांढरी, मधासारख्या वासाची. मुलं त्यांवरून चालत परीक्षेला जातात. कोणाच्या वेणीत अडकतात, कोणाच्या कंपासपेटीत शिरतात. मी तेवढ्यात वाकून मूठभर वेचून घेते, कारण ही फुलं वाळवून केलेलं रसम इथे आल्यापासून मला आवडायला लागलं आहे. साताऱ्यात वाढलेल्या बाईनं कडुलिंब आवडीनं खावा, ही गोष्ट माझ्या माहेरी अजून कोणी मान्य केलेली नाही.

काल अशीच वाकलेली असताना दिव्या समोर येऊन उभी राहिली. दिव्या आमची नवी शॅडो टीचर. स्वमग्न मूल नेहमीच्या शाळेत, नेहमीच्या वर्गात शिकतं, तेव्हा त्याच्या शेजारी बसून त्याला जड जाणाऱ्या गोष्टी हलक्या करून देणारी बाई म्हणजे शॅडो टीचर. दिव्याकडे निला नावाची दुसरीतली मुलगी आहे. दिव्यानं माझ्यापुढे एक लॅमिनेट केलेलं कार्ड धरलं. त्यावर झाडाचं चित्र आणि खाली ठळक अक्षरांत ‘ब्रेक’.

“मॅडम, बघा ना. जूनमध्ये केलं होतं, अजून नवंकोरं आहे. निलाला वर्षभरात एकदाही लागलं नाही!”

तिचा चेहरा असा काही फुलला होता की मला पुढे बोलवेना. मी “छान” म्हटलं आणि मुठीतली फुलं रुमालात बांधली. मग दिवसभर हात कामात होते, पण मी त्या दुसऱ्याच मार्चमध्ये हिंडत होते. सात वर्षांपूर्वीच्या.

त्या वर्षी माझ्याकडे तुळजा होती. तिसरी ब, खिडकीपासचं बाक.

तिला शाळेत पहिल्यांदा घेऊन आले ते तिचे आजोबा. तिरुवल्लिकेणीच्या एका अरुंद गल्लीत त्यांचं घर. आईवडील दोघं ऑफिसात, म्हणून नातीला बसनं आणायचं-न्यायचं काम आजोबांचं. घराणं तंजावरकडच्या मराठ्यांचं, कैक पिढ्या तिथलंच, त्यामुळे तुळजा त्यांना तमिळ रिवाजानं ताता म्हणायची आणि मीही तेच म्हणायला लागले. घरची भाषा कळणारी बाई शाळेत आहे हे ऐकून ते मला शोधत आले होते. त्यांचं मराठी ऐकताना मला नेहमी वाटायचं, माझी खापरपणजी पांढरा सदरा घालून, कपाळाला गंध लावून समोर बसली आहे आणि मध्येच तमिळ सूर धरते आहे.

“पोरगी बोलना,” ते म्हणाले. “पण कळतें तिला समस्त. तुम्ही आहां, बरें जालें.”

‘बोलना’ म्हणजे बोलत नाही. ते अगदी खरं नव्हतं. तुळजा बोलायची, पण तिच्या वेळेला आणि तिच्या विषयावर. बसच्या पाट्या ती क्रमानं म्हणायची. रबरांचे वास घेऊन त्यांची जागा ठरवायची. आणि रोज दुपारी खिडकीच्या गजांवर तळहात टेकवून एक वाक्य म्हणायची. त्या वाक्याशिवाय मला ते वर्ष आठवतच नाही.

मार्चमधली मद्रासची दुपार ज्यानं काढली आहे त्यालाच हे कळेल. बाराच्या सुमाराला सगळं थांबतं. पानं थांबतात, कावळे थांबतात, फळ्यावर लिहिणाऱ्या बाईंचा हातसुद्धा जड होतो. पंखा फिरत असतो, पण तो गरम हवाच इकडची तिकडे करतो. चाळीस मुलं आणि दोन बाया डोळे उघडे ठेवून झोपलेल्या असतात. मग केव्हातरी, एकला म्हणा, दोनला म्हणा, समुद्राकडून पहिली झुळूक येते. आधी खिडकीच्या गजांना ओलसर थंडावा लागतो, मग भिंतीवरचा तक्ता हलतो, मग वह्यांची पानं एकदम उठतात. तुळजा गजांना हात लावून बसलेली असायची, त्यामुळे तिला आमच्या आधी कळायचं.

“काट्रु वंदाच्चु,” ती म्हणायची. वारा आला.

सुरुवातीचे काही दिवस मी “शू” म्हटलं. नंतर म्हणायचं सोडलं, कारण मी स्वतःच त्या वाक्याची वाट बघायला लागले होते.

मी फार चांगली शॅडो टीचर होते. आज हे वाक्य लिहिताना हसू येतं, पण तेव्हा सगळी शाळा असं म्हणत होती आणि मला ते मनापासून पटत होतं. तुळजाला घंटेचा आवाज सहन व्हायचा नाही, तर घंटेच्या आधी एक मिनिट मी तिचे कान झाकायची. प्लॅस्टिकची खुर्ची फरशीवर ओढली की ती शहारायची, तर मी वर्गातल्या खुर्च्यांच्या पायांना जुने मोजे चढवले. ती अस्वस्थ व्हायला लागली की अंगठा पहिल्या बोटावर घासायची, मग बारीक गुणगुणायची, आणि मग चार-पाच मिनिटांत कान दाबून बाकाखाली जायची. मला अंगठा हलताच समजायचं. मी तिला हात धरून बाहेर कडुलिंबाखाली न्यायची. बाकाखाली जाण्याची वेळच यायची नाही.

डब्यात तिच्या रोज दहीभात. त्यावरच्या फोडणीतली एकेक मोहरी वेचून ती झाकणावर ओळीनं मांडायची आणि मगच पहिला घास घ्यायची. मधली सुट्टी वीस मिनिटांची आणि मोहऱ्या तीस-चाळीस. म्हणून मीच सुट्टीच्या आधी डबा उघडून मोहऱ्या काढून ठेवायला लागले. घरी नुसतं सांगावं की बाबांनो फोडणी घालू नका, हे मला वर्षभर सुचलं नाही. मोहऱ्या वेचणं हे माझं काम झालं होतं, आणि ते मी चोख करत होते.

वर्गातली मुलं मला विचारायची, “मिस, तुळजा खेळायला येणार का?” मी तुळजाकडे एक नजर टाकून सांगायची, “आज नको, दमली आहे ती.” आणि बहुतेक वेळा माझं बरोबर असायचं. तोच तर घोटाळा होता. चुकलं असतं तर कोणीतरी मला थांबवलं असतं.

आणि ते कार्ड. प्रशिक्षणात शिकवलं होतं की मुलाजवळ विश्रांती मागायचं साधन हवं. तुळजाला आवडतं म्हणून मी कडुलिंबाचं झाड काढलं, खाली ‘ब्रेक’ लिहिलं आणि लॅमिनेट करून तिच्या कंपासपेटीत ठेवलं. हे दाखवलं की पाच मिनिटं बाहेर. फेब्रुवारी आला तरी ते कार्ड दुकानातून आल्यासारखं होतं. कोपरे टोकदार, वर एक ओरखडा नाही. पालकसभेत मी ते तातांना दाखवलं. म्हटलं, “बघा, एकदाही मागायची वेळ आली नाही तिच्यावर.” तातांनी ते हातात घेऊन उलटसुलट बघितलं आणि परत दिलं.

त्याच सभेनंतर मुख्याध्यापिकेनं आम्हाला आत बोलावलं. बाई वाईट नव्हत्या, पण नियमाच्या होत्या. वार्षिक परीक्षा सभागृहात होणार, पर्यवेक्षक दुसऱ्या वर्गाचे असणार, आणि शॅडो टीचरला आत परवानगी नाही. तुळजानं तिथे बाकीच्या मुलांबरोबर पेपर लिहिला तर ती चौथीत इथेच. नाही जमलं, तर घरच्यांनी वेगळ्या, खास शाळेचा विचार करावा.

“ती कोठें जाईल हो?” बाहेर आल्यावर तातांनी मला विचारलं. “हें झाड तिला ओळखीचें जालें आहे. बसच्या बाराही थांब्यांची नावें पाठ आहेत.”

मी म्हटलं, “ताता, मी आहे ना.” केवढ्या तोऱ्यात म्हटलं असेन! सभागृहात मी नसणार, हेच तर त्या बाई आत्ता सांगत होत्या.

आम्ही सरावाला लागलो. मी रिकाम्या सभागृहात तिला रोज नेऊन बसवायची, घड्याळ लावायची, पेपर द्यायची, आणि चार बाकं सोडून उभी राहायची. अंगठा हलला की दोन बाकं जवळ यायची. परीक्षेला अठरा दिवस उरले होते. त्या दिवशी संध्याकाळी मला कणकण वाटली, आणि सकाळी आरशात पाहिलं तर गळ्यावर तीन फोड.

कांजिण्या. वयाच्या सदतिसाव्या वर्षी. नवरा बँकेत जायच्या घाईत होता, तरी थांबून म्हणाला, “लहानपणी उरकायच्या गोष्टी तू कायम पुढे ढकलतेस.” त्याला स्वतःला दुसरीतच येऊन गेल्या होत्या, त्यामुळे त्याचा विनोद निर्धास्त होता. तुळजालाही पहिलीत येऊन गेल्या होत्या, हे मला लगेच आठवलं आणि तेवढंच बरं वाटलं.

खाली राहणाऱ्या आमच्या घरमालकीण पार्वती मामी मात्र हसल्या नाहीत. जिन्यातूनच त्यांनी माझा गळा पाहिला, हात जोडले आणि म्हणाल्या, “अम्मा वंदिरुक्का.” घरी अम्मा आली आहे. इथे कांजिण्यांना आजार म्हणत नाहीत, देवी पाहुणी आली असं म्हणतात, आणि पाहुणीसारखंच तिचं सगळं करतात. मामींनी दाराला कडुलिंबाचे डहाळे बांधले. माझ्या उशाखाली पाला पसरला. खाज आली तर नखं लावायची नाहीत, पाल्यानं अंग कुरवाळायचं. घरात फोडणी नाही, तळण नाही, कारण अम्माला तापलेल्या तेलाचा वास चालत नाही. पाहुणीनं जायचं ठरवलं की हळद आणि कडुलिंबाच्या पाण्यानं न्हायचं, असं तीनदा. तिसरं न्हाणं होईपर्यंत उंबरा ओलांडायचा नाही.

दाराला कडुलिंब म्हणजे काय, हे मला या शहरानं आधीच एकदा शिकवलं होतं. चेन्नईत आलो त्या पहिल्या पाडव्याला मी हौसेनं दारावर कडुलिंबाची डहाळी आणि झेंडूची फुलं लावली, गुढी उभी केली, श्रीखंड केलं. दिवसभर कोणी दाराशी आलं नाही. दूधवाल्यानं पिशव्या फाटकालाच अडकवल्या. समोरच्या घरातून एक शहाळं आलं, तेही दोरीनं बांधून कठड्यावर ठेवलेलं. संध्याकाळी मामींनी खालूनच, अगदी हळव्या आवाजात विचारलं, “घरात किती जणांना?” मी आनंदानं ओरडले, “दोघांना!” मला वाटलं श्रीखंड किती जणांचं केलं ते विचारतायत. मामींनी तिथूनच नमस्कार केला.

आता खरोखरच अम्मा आली होती आणि मी पलंगावर पडून छताकडे बघत होते. ताप चढला की दुपार लांबत जायची. खिडकीबाहेर फेरीवाला नुंगू विकत जायचा, ताडाची ती थंडगार फळं, आणि त्याची हाक कुठून तरी पाण्याखालून आल्यासारखी वाटायची. डोळे मिटले की मी सभागृहात असायची. तुळजा बाकावर, आणि मी तिच्याकडे निघालेली, पण प्रत्येक पावलाला दोन बाकं वाढायची. कधी मी मोहऱ्या वेचत असायची आणि झाकण भरून वाहायचं. कधी कडुलिंबाची फुलं पांघरुणावर पडत राहायची, आणि प्रत्येक फुलावर बारीक अक्षरात ‘ब्रेक’ लिहिलेलं. जाग आली की उशीवर पाला असायचा. मामी कधी तरी येऊन तो बदलून गेलेल्या असायच्या. दुपारी केव्हातरी पडदा फुगायचा आणि मी मनातल्या मनात म्हणायची, काट्रु वंदाच्चु. तिकडे तिनंही आत्ता म्हटलं असेल. पण कोणी ऐकलं असेल का?

पहिल्याच दिवशी मी वर्गशिक्षिका जयंती मिसना फोन लावला. माझ्याकडे तुळजाविषयी शंभर पानी वही होती. डाव्या खांद्याला हात लावू नका, प्रश्न दोनदा विचारू नका, घंटेआधी कान. वही घराबाहेर जाऊ द्यायला मामी तयार नव्हत्या, म्हणून मी फोनवरच वाचायला लागले. चौथ्या पानावर जयंती मिसनी मला थांबवलं.

“माझ्या वर्गात चाळीस मुलं आहेत,” त्या म्हणाल्या. “हे सगळं लक्षात कसं ठेवू? तिला काय हवं ते तिलाच विचारते.”

“ती सांगत नाही, मिस.”

“सरी, बरं, विचारून तर बघते.”

मी फोन ठेवला आणि खरं सांगते, मला त्यांचा राग आला. वर्षभर मी जे डोळ्यांत तेल घालून शिकले ते ही बाई विचारून बघणार!

मग मी फोनची वाट बघू लागले. आज येईल. तुळजा बाकाखाली आहे, येत नाही, काय करू, असं विचारणारा. दोन दिवस गेले, चार गेले. फोन यायचा तो फक्त तातांचा, रोज संध्याकाळी, तेच ते सांगायला, दहीभाताला ‘तायिर सादम’ म्हणत.

“शाळेला गेली. घराला आली. तायिर सादम जेवली. तुम्ही काळजी नका करूं.”

“रडली का?”

“येक दीस रडली. मग राहिली.”

“कोणी थांबवलं?”

“तें मला ठाउक नाही. तीच राहिली असेल.”

सातव्या-आठव्या दिवशी तातांचा आवाज वेगळा लागला. ते म्हणाले, “आज घरीं येक नवल जालें. मी भातावर फोडणी देत होतों. पोरगी आली, माझा हात धरिला, म्हणाली, कडुगु वेंडाम.”

मोहरी नको. दोन शब्द. मी फोन कानाला धरून बसले होते आणि समोर मामींनी ठेवलेला माझा बिनफोडणीचा दहीभात होता. मला रडू आलं. आनंदाचं होतं असं लिहिलं तर छान दिसेल, पण ते तसं नव्हतं. मला अपमान झाल्यासारखं वाटलं. वर्षभर मी बसले होते तिच्या शेजारी, हात लांब केला की पोहोचेल इतक्या अंतरावर, आणि ती मला कधी काही नको म्हणाली नव्हती. तिला म्हणू दिलंच कुठे होतं मी? तिच्या तोंडाशी आलेलं प्रत्येक वाक्य मी आधीच उचलून नेत होते, आणि त्यालाच माया म्हणत होते.

पाडवा आला तेव्हा माझं तिसरं न्हाणं व्हायचं होतं. नवऱ्यानं गॅलरीत गुढी उभी केली. कडुलिंब आणायला जायची गरज नव्हती, दाराचाच एक डहाळा त्यानं मामींची परवानगी घेऊन काढला. मामी वर येऊन गुढीकडे बघत राहिल्या. साडी, त्यावर उपडा तांब्या, आणि आपल्या दारातला कडुलिंब. “तुमच्याकडे हा सणाला लावतात?” त्यांनी विचारलं. पहिल्या वर्षीचं शहाळं आठवून आम्ही दोघी इतक्या हसलो की माझ्या खपल्या ओढल्या गेल्या. दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांनी माझ्या डोक्यावर हळदीचं पाणी ओतलं, दाराचा वाळलेला पाला उतरवला आणि म्हणाल्या, “जा आता.”

त्याच दिवशी दुपारी तिसरीचा पहिला पेपर होता. सकाळी सभागृहात मोठ्या वर्गांची परीक्षा असायची, दुपारी लहानांची. मी पोहोचले तेव्हा मुलं रांगेत होती. तुळजा रांगेत होती, कोणाचाही हात न धरता. तिनं माझ्याकडे पाहिलं, माझ्या गालावरचे डाग एक-एक करून पाहिले आणि पुन्हा समोर बघू लागली.

तिच्या मागे रेहाना उभी होती. वर्गातली सगळ्यात बोलकी मुलगी, जिला मी वर्षभर “हळू बोल, तुळजाला त्रास होतो” म्हणून लांब बसवलं होतं.

“मिस, बऱ्या झालात? मी आता तुळजाजवळ बसते. मिस, सॉरी, कार्डावर सांबार सांडलं माझ्याकडून.”

“कुठल्या कार्डावर?”

रेहानानं माझ्याकडे असं बघितलं, जणू बाईंना तापात विसर पडला असावा. मग तिनं तुळजाच्या हातातल्या कार्डाकडे बोट दाखवलं. मी ते ओळखलंच नाही. कोपरे गोल झाले होते, एका बाजूनं प्लॅस्टिक सुटून आत धूळ शिरली होती, झाडाच्या बुंध्यावर सांबाराचा पिवळा डाग, आणि ‘ब्रेक’मधलं एक अक्षर बोटांनी घासून पुसट झालेलं.

“रोज दाखवते,” रेहाना म्हणाली. “जयंती मिसना दाखवते, मग मी दार उघडते. ती झाडाखाली जाते आणि येते. पहिल्या दिवशी दाखवलं नाही, बाकाखाली गेली, खूप रडली. मिसनी कार्ड तिच्यासमोर ठेवलं आणि नुसत्या बसल्या. दुसऱ्या दिवशी दाखवलं. मी फार बोलले की मलापण दाखवते.”

मुलं आत गेली. मी व्हरांड्यातल्या बाकावर बसले, मांडीवर ती शंभर पानी वही. खिडकीतून तुळजा दिसत होती. पर्यवेक्षक अनोळखी बाई होत्या, पेपर वाटताना त्यांच्या बांगड्या वाजत होत्या. बाहेर पान हलत नव्हतं. अर्धा तास ती लिहीत होती. मग कोणीतरी बाक सरकवलं, पंखा कुरकुरला, आणि मला इतक्या लांबून दिसलं. अंगठा. बोटावर, पुढे-मागे.

मी उठले. आता गुणगुणेल. आता चार मिनिटं. दाराजवळ जाऊन पर्यवेक्षकांना खूण करावी का, नियम मोडावा का, सगळं वर्ष या चार मिनिटांत जाणार का, असं माझ्या डोक्यात चाललं होतं. तुळजानं पेन खाली ठेवलं. कार्ड उचललं आणि हात सरळ वर केला. त्या बाईंनी मान डोलावली. ती उठली, खुर्ची आवाज न करता मागे घेतली आणि दारातून बाहेर आली.

मी तिच्यासमोर होते. “तुळजा, पाणी हवं? कान दुखतायत? झाडाखाली जाऊ या?” तीन प्रश्न एका दमात. वहीच्या पहिल्याच पानावर मी लिहिलं होतं, एका वेळी एकच प्रश्न.

ती थांबली. तिनं माझ्या डोळ्यांत पाहिलं नाही, ती कोणाच्याच पाहत नाही. माझ्या खांद्यापलीकडे कडुलिंबाकडे बघत तिनं हात वर केला आणि ते कार्ड माझ्या तोंडासमोर धरलं.

मला कळायला क्षणभर वेळ लागला. मग मी बाजूला झाले आणि बाकावर जाऊन बसले. आयुष्यात इतकं अवघड मी कुठे बसले नसेन.

ती झाडाखाली गेली. नळ उघडून त्याखाली मनगट धरलं, बंद केला. बुंध्याला पाठ लावून उभी राहिली. फुलं तिच्या केसांवर पडत होती आणि ती ती झटकत नव्हती. दुपार इतकी स्तब्ध होती की एकेक फूल पडताना दिसत होतं. किती वेळ गेला सांगता येत नाही. मी घड्याळाकडे बघितलं नाही. मग तिनं तळहात हवेत पुढे केला, गज नसलेल्या खिडकीवर टेकवावा तसा. फांद्या हलल्या.

“काट्रु वंदाच्चु,” ती म्हणाली. मला की झाडाला, माहीत नाही. माझ्यासमोरून गेली, आत गेली, बसली आणि पेन उचललं. शेवटची दोन उत्तरं तिनं लिहिली नाहीत. बाकीची सगळी होती.

पुढचे तिन्ही पेपर तसेच झाले. एप्रिलमध्ये मुख्याध्यापिकेनं तातांना बोलावून सांगितलं, चौथीत बसू द्या. ते बाहेर आले, धोतराचा सोगा सावरला आणि मला एवढंच म्हणाले, “जालें हो.” मग बराच वेळ चष्मा पुसत राहिले. चौथीत मी तुळजाबरोबर फक्त पहिला तास बसत होते, पाचवीत तोही नाही. ती वही माझ्याकडे अजून आहे, तिची उरलेली पानं कोरीच राहिली.

आज सकाळी दिव्याला गाठलं. म्हटलं, “परीक्षा झाली की निलाच्या शेजारून उठायचं. रोज एक तास बाहेर व्हरांड्यात.”

ती घाबरली. “आणि तिला ब्रेक हवा असला तर?”

“मागेल.”

“नाही मागितला तर?”

काही मुलं मागत नाहीत, खूप दिवस मागत नाहीत, आणि मग शेजारी बसून वाट बघणं एवढंच हातात राहतं. जयंती मिस बसल्या होत्या तसं. मी तिला तेवढंच सांगितलं. ते नवं कार्ड पर्समध्ये ठेवून ती गेली, पण दोनदा मागे वळून बघत गेली.

तिला सांगताना मी व्हरांड्यात त्याच बाकावर बसले होते. दहावीच्या मुली बोर्डाच्या पेपरला निघायच्या आधी फाटकाजवळ जमत होत्या. त्यात तुळजा होती. उंच झाली आहे, आजोबांच्या वळणाची. ताता आता थकले, बसनं तीच त्यांना देवळात घेऊन जाते. रेहाना तिच्या शेजारी काहीतरी तावातावानं सांगत होती. तुळजाच्या पाऊचला ते कार्ड दोऱ्यानं बांधलेलं आहे. त्यावर आता झाडही दिसत नाही आणि अक्षरही नाही, नुसता एक मळका, पिवळट चौकोन. पण शाळेत असा कोणी नाही ज्याला ते वाचता येत नाही.

तिच्या वेणीत फुलं अडकली होती. काढून द्यावीत, पेपरला जाते आहे, निदान शुभेच्छा तरी द्याव्यात, म्हणून मी बाकावरून उठले. तिनं माझ्याकडे न बघताच पाऊच उचलला आणि तो चौकोन माझ्या दिशेनं धरला. ओठांच्या कोपऱ्यात हसू होतं. ही आमच्या दोघींमधली सात वर्षांची जुनी थट्टा आहे, आणि ती तिनंच सुरू केली आहे. मी उठले की ती दाखवते.

मी बसते.